खिडकीपाशी अकरा चौकोन

“अकरा नाहीत हो ताई, एकोणऐंशी,” कर्जविभागातली बाई म्हणाली, आणि मी हसले. तिनं दुसऱ्याच कुणाची तरी फाइल उघडली असणार असं मला वाटलं. पर्समध्ये आईनं सही केलेला चेक होता. रक्कम अक्षरात लिहिताना तिनं तीनदा मला विचारलं होतं, ‘ब्याण्णव हजार चार’मधलं चार कसं लिहायचं, आणि मी म्हटलं होतं, चार लिही, आई, चारच. आठ हजार तीनशे चौसष्ट गुणिले अकरा. हा गुणाकार आमच्या घरात बाबांना जाऊन तीन आठवडे झाले तरी रोज एकदा तरी कुणीतरी मोठ्यानं म्हणत होतं, म्हणजे आईच म्हणत होती. बँकेतल्या बाईचा चष्मा दोरीला लटकत होता. तिनं तो डोळ्यांवर चढवला, बाबांचं नाव वाचून दाखवलं, घराचा पत्ता वाचून दाखवला, आणि संगणकाच्या पडद्याचं तोंड माझ्याकडे वळवलं. ‘उरलेले हप्ते’ या शेवटच्या रकान्यात एकोणऐंशी होते. शेजारच्या काउंटरवर कुणीतरी नोटा मोजण्याच्या यंत्रात गठ्ठा घातला आणि ते यंत्र फडफडत राहिलं. मला वाटलं, ते थांबलं की हा आकडाही बदलेल.

आमच्या घरात हा हिशेब कधी वहीत नव्हता. बाबा पाणीपुरवठ्याच्या कचेरीत ड्राफ्ट्समन होते. शहराखालून जाणारे नळ कागदावर काढण्यात त्यांची चौतीस वर्षं गेली. जमिनीखाली काय आहे ते त्यांना दिसायचं, असं आम्ही गमतीनं म्हणायचो. घर घेतलं तेव्हा मी अकरा वर्षांची होते. ताबा मिळाल्यावर पहिल्याच रविवारी त्यांनी घर टेपनं मोजलं, टी-स्क्वेअर लावून त्याचा नकाशा काढला आणि चारशे ऐंशी चौरस फुटांचे दोनशे चाळीस चौकोन पाडले, कारण हप्ते दोनशे चाळीस होते. एका हप्त्याला दोन चौरस फूट. दर महिन्याच्या पाच तारखेला हप्ता गेला की कचेरीतून आल्यावर एका चौकोनात तिरप्या रेघा मारायच्या. रेघ मारलेला चौकोन आपला, कोरा बँकेचा. सुरुवात कुठून करायची यावर आईबाबांचं बराच वेळ भांडण झालं. बाबांचं म्हणणं दारापासून, म्हणजे निदान आत तरी शिरता येईल. आई म्हणाली, “आत शिरून काय करणार, उपाशी बसणार? आधी माझी शेगडी सोडवा.” मग शेगडीपासून सुरुवात झाली. स्वयंपाकघर, मग न्हाणीघर, मग बोळ, मग माझी छोटी खोली, मग बाहेरची खोली, आणि सगळ्यात शेवटी बाहेरच्या खोलीतला खिडकीलगतचा पट्टा, अकरा फूट लांब आणि दोन फूट रुंद. तिथे दुपारी तिरकं ऊन येतं. आईनं तो पट्टा शेवटी ठेवला, कारण ऊन ही काही गरजेची वस्तू नव्हती. आणि तेव्हाच म्हणाली की माझी वेताची खुर्ची मी तिथे शेवटच्या हप्त्याला नेईन, तोवर नाही, दुसऱ्याच्या जागेत मी पाय पसरून बसत नाही. ती थट्टा होती. पण आमच्या घरात थट्टा फार दिवस टिकल्या की त्यांचा नियम व्हायचा. एकोणीस वर्षं ती खुर्ची आतल्या भिंतीशी होती. आई निवडणं-टिपणं तिथल्या अंधारात डोळे बारीक करून करायची आणि समोर ऊन नुसतं फरशीवर पडून असायचं.

“दर वाढला ना मधे,” बँकेतली बाई सांगत होती. “तुमचा दर बदलता आहे. आठचा दहा झाला. हप्ता तोच ठेवला की मुदत वाढते. दोनशे चाळीसचे तीनशे आठ झाले.” मी म्हटलं, हप्ता तर कधी वाढला नाही. हे मी बाबांच्याच आवाजात म्हटलं. शेजारीपाजारी कुणी घराच्या कर्जाबद्दल कुरकुर करू लागलं की बाबा मान ताठ करून म्हणायचे, आमचा हप्ता एका पैशानं वाढलेला नाही. “तेच तर,” ती म्हणाली, अगदी मऊपणानं, जसं दवाखान्यात सांगतात. तिनं मला एक छापील उतारा दिला. किती पानं होती कुणास ठाऊक, अजून गरम होती. पहिल्या ओळीवर बोट ठेवून ती म्हणाली, हे बघा, पहिला हप्ता. आठ हजार तीनशे चौसष्टातले सहा हजार सहाशे सदुसष्ट व्याजाचे. मुद्दल सोळाशे सत्त्याण्णव. मी मनातल्या मनात शेगडी बघितली. पहिल्या महिन्यात बाबांनी शेगडीखालचा चौकोन रेघांनी भरला होता आणि आईनं त्यावर उभं राहून कढईत फोडणी घातली होती, मुद्दाम, आवाज करून. त्या चौकोनातला निम्माही आमचा नव्हता. एका पायावर उभं राहावं इतकासुद्धा नाही.

“आत्तापर्यंत किती भरले?” मी विचारलं. “एकोणीस लाख पंधरा हजार.” “कर्ज दहा लाखांचं होतं.” “हो.” “आणि बाकी?” “चार लाख ब्याऐंशी हजार.” तिनं चष्मा सारखा केला. “ताई, सगळ्यांचंच असं असतं हो. लोक हप्ता बघतात. मुदत कुणी बघत नाही. माझं स्वतःचं बावीस वर्षांचं आहे, मी इथे बसून रोज बघते तरी बघत नाही.” मग तिला वाटलं असावं की आपण जरा जास्तच बोललो. ती फाइल चाळू लागली. “साहेबांना कळवलं होतं आम्ही. पत्र गेलेलं आहे. दोन पर्याय दिले होते, हप्ता वाढवा किंवा मुदत वाढवा. हे बघा, त्यांनी दुसऱ्यावर खूण केलीय. तेव्हा महिन्याला हजारभर जास्त भरले असते तर पुढच्या वर्षी संपलंच असतं.” आणि तिनं ते पत्र माझ्यापुढे ठेवलं. पिवळट पडलेलं, वरच्या कोपऱ्याला छिद्रं, खाली बाबांची सही, आणि दुसऱ्या चौकोनात बाबांची खूण. बाबा खूणसुद्धा पट्टीनं मारल्यासारखी मारायचे.

ते पत्र मी पाहिलेलं होतं. हे आठवायला वेळ लागला नाही, उलट ते इतकं पटकन आठवलं की मी खुर्चीचा हात धरला. मी सोळा वर्षांची होते, माझ्या पलंगावर पालथी पडून एक जाडजूड कादंबरी वाचत होते. त्या सुट्टीत मी काय खाल्लं, कुणाशी बोलले, काही आठवत नाही, पण त्या पुस्तकाच्या कागदाचा वास आठवतो. बाबा दारात येऊन उभे राहिले. आत यायच्या आधी ते नेहमी दाराच्या चौकटीवर बोटानं टकटक करायचे, दार उघडं असलं तरी. “मॅडम, वेळ आहे का? जरा हे तपासून द्या.” मला ते मॅडम म्हणायचे ते नकाशामुळे. त्यांच्या कचेरीत कुठलाही नकाशा काढणाऱ्याच्या एकट्याच्या सहीनं बाहेर जात नसे. खालच्या कोपऱ्यातल्या चौकटीत ‘काढणार’ आणि ‘तपासणार’ अशा दोन ओळी असत, आणि दुसऱ्या ओळीत दुसऱ्या माणसाची सही लागे. आपली चूक आपल्याला दिसत नाही, डोळा तिच्यावरून सरळ निघून जातो, असं ते म्हणत. घराच्या नकाशावर त्यांनी अकरा वर्षांच्या मला तपासणारी केलं होतं. मी खरोखर सगळे चौकोन मोजले होते, दोनशे चाळीस भरल्यावर जिभेचं टोक बाहेर काढून सही केली होती. तेव्हापासून घरातला प्रत्येक छापील कागद माझ्या हातून जायचा. मी वाचणारी होते. आईबाबांना वाटायचं, जी मुलगी एवढी पुस्तकं वाचते तिला बँकेचं पत्र म्हणजे काय.

मी पत्र घेतलं. बोट कादंबरीच्या पानात अडकवूनच ठेवलं, हे नक्की, कारण पत्र एका हातानं उलगडताना त्रास झाला होता. व्याजदरातील बदलानुसार, असं काहीतरी. मग दोन चौकोन. पहिल्यात हप्त्याची नवी रक्कम, नऊ हजार चारशे काहीतरी. दुसऱ्यात, हप्त्याची रक्कम कायम राहील, व उर्वरित मुदत त्यानुसार पुनर्निर्धारित करण्यात येईल. मी ते ‘कायम राहील’पर्यंत वाचलं. पुढचे शब्द डोळ्यांखालून गेले असणारच, कारण आज पत्र पाहिलं तेव्हा ते अनोळखी वाटले नाहीत. कवितेतल्या एका शब्दावर मी त्या वयात अर्धा तास थांबत असे. ‘पुनर्निर्धारित’वर थांबले नाही. “काही नाही, बाबा. पहिल्यात हप्ता वाढतोय, दुसऱ्यात तोच राहतोय. दुसऱ्यावर खूण करा.” “तोच राहतोय ना? मग झालं तर,” बाबा म्हणाले. हजारभर म्हणजे त्या वर्षी माझ्या क्लासची फी होती, अकराशे. ते दारात क्षणभर रेंगाळले. “काय वाचतेयस?” मी पुस्तकाचं कव्हर वर करून दाखवलं, मान न उचलता. ते म्हणाले, “जाड आहे.” मग निघून गेले.

“आता काय करायचं म्हणता?” बँकेतली बाई विचारत होती. रांगेत माझ्यामागे दोघं उभे होते, त्यातल्या एकाच्या हातात मोटारीच्या किल्ल्या सारख्या वाजत होत्या. मी तिला आईच्या पेन्शनीचा आकडा सांगितला. बाबांच्या निम्म्यावर आलेला. हप्ता वजा केला की जे उरतं ते आम्ही दोघींनी, म्हणजे मी आणि त्या बाईनं, मनात वजा केलं. कर्जाचा विमा? तो तेव्हा घेतलेला नाही, ती म्हणाली, इथे नको अशी खूण आहे. त्या खुणेबद्दल मी काही विचारलं नाही. तिनं यंत्रावर बोटं चालवली आणि म्हणाली, “हे ब्याण्णव हजार मुद्दलात टाकले तर एकोणऐंशीचे साठ राहतील. अकरा हप्त्यांच्या पैशात एकोणीस उडतात, बघा. वाईट नाही.” तिला खरंच बरं वाटलं होतं. साठ म्हणजे पाच वर्षं. मी स्वतः भाड्यानं राहते, ग्रंथालयात पुस्तकांची वर्गवारी करते. माझ्या पगारातून आठ हजार तीनशे चौसष्ट गेले तर काय राहील हेही मी वजा केलं, आणि ती वजाबाकी झाली की नाही हे न बघताच म्हटलं, टाका. पुढचे माझ्या खात्यातून जाऊ देत. तिनं चार ठिकाणी सह्या घेतल्या. ते ब्याण्णव हजार आईनं घरखर्चातून बाजूला काढले होते, बारा वर्षं, एका बंद झालेल्या मिक्सरच्या भांड्यात आणि मग बँकेत. शेवटचं वर्ष माझं, असं ती बाबांना सांगायची. सुरुवात तुम्ही केलीत, शेवट मी करणार. बाबा काहीच बोलत नसत. आम्हाला वाटायचं, त्यांना भरून येतं.

घरी येताना बसमध्ये मी काय बोलायचं ते ठरवत होते. वाक्य तयार होत होतं आणि दर थांब्याला उतरून जात होतं. आई, बँकेची काहीतरी चूक आहे. आई, दर वाढला म्हणे. आई, ते पत्र मी वाचलं होतं. आमच्या थांब्यावर उतरले तेव्हा माझ्याकडे फक्त ‘आई’ उरलं होतं. दार उघडंच होतं. आणि आत, बाहेरच्या खोलीत, वेताची खुर्ची खिडकीशी नेलेली होती. खुर्चीमागची भिंत एकोणीस वर्षांनी उघडी पडली होती आणि तिथे आईच्या डोक्याच्या उंचीवर तेलकट डाग होता. आई खुर्चीवर बसलेली नव्हती, शेजारी उभी होती, पाठीवर हात ठेवून, जसं फोटोसाठी उभं राहतात.

“झालं?”

“भरले पैसे.”

“सगळे?”

“सगळे घेतले त्यांनी.”

“नाही कशाला म्हणतील! कागद दिले का घराचे?”

“वेळ लागतो, आई. मोठ्या कचेरीतून येतात.”

“किती वेळ?”

“लागतो.”

“लागू दे. मला काही ते उशाशी घेऊन झोपायचं नाहीये.” ती खुर्चीला हलकेच थोपटत म्हणाली, “मी बसले नाही हं अजून. आधी रेघा मार. नियम म्हणजे नियम. ते वरून बघत असले तर म्हणतील, बघा, मी जायचा अवकाश आणि हिनं अतिक्रमण केलं. तू नकाशा काढ खाली, मी चहा टाकते.”

नकाशा बोळातल्या भिंतीवर होता, लाकडी फळीवर चार टाचण्यांनी लावलेला. टाचण्या गंजल्या नव्हत्या. म्हणजे त्या अधूनमधून काढल्या जात होत्या, हे मला कागद हातात आल्यावरच सुचलं. त्याच्यामागे, अगदी त्याच मापाचा, एक ट्रेसिंग पेपर होता. तो घसरून माझ्या मनगटावर आला, कांद्याच्या पापुद्र्यासारखा हलका. त्यावर आमचंच घर होतं, तेच दोनशे चाळीस चौकोन, पण रेघा वेगळ्या. स्वयंपाकघर भरलेलं, मग न्हाणीघराच्या मध्यावर एक बारीक आडवी रेघ आणि तिच्याशी तारीख, आठ वर्षांपूर्वीची. पुढे बोळात एक रेघ, तारीख. माझ्या खोलीत रेघा, तारखा. भरतीचं पाणी दर वर्षी जिथवर आलं तिथे कुणीतरी खूण करून ठेवावी तसं. खालच्या कोपऱ्यात बाबांचं अक्षर: सुधारणा एक, सुधारणा दोन, अशा आठपर्यंत. शेवटची गेल्या महिन्याच्या पाच तारखेची होती, ते गेले त्याच्या चार दिवस आधीची. मी पर्समधून बँकेचा उतारा काढला, गुडघ्यावर ठेवला आणि मुद्दलाचा हिशेब केला. एकशे चोवीस चौकोन. बाबांची रेघ एकशे चोवीसाव्या चौकोनावर होती. माझ्या खोलीत, माझ्या पलंगाच्या कडेला. तिथून पुढे माझा पलंग, टेबल आणि बाहेरची अख्खी खोली कोरी होती.

आठ वर्षांपूर्वी मला नोकरी लागली होती. पहिल्या पगाराचं पाकीट मी त्यांच्यापुढे धरलं होतं, म्हटलं होतं, दोन हप्ते माझ्याकडून. त्यांनी ते परत माझ्या हातात दिलं. “मॅडम, तपासणाऱ्यांनी पैसे द्यायचे नसतात.” त्याच वर्षी कधीतरी त्यांना कळलं असणार, एखाद्या उताऱ्यावरून, माझ्याशिवाय वाचलेल्या. मग आठ वर्षं ते पाच तारखेला आमच्यासमोर वरच्या कागदावर एक पुरा चौकोन भरत राहिले, आणि वर्षातून एकदा, आम्ही घरात नसताना, खालच्या कागदावर खरं घर काढत राहिले. त्यांना खोटा नकाशा भिंतीवर ठेवणं किती जड गेलं असेल, हे दुसऱ्या कुणाला सांगून कळायचं नाही. नळ अर्धा इंच सरकलेला दाखवला म्हणून त्यांनी एकदा स्वतःचा तीन आठवड्यांचा कागद फाडला होता. मला ते एका शब्दानं बोलले नाहीत. ‘तू वाचलं होतंस’ असं तर नाहीच, पण नुसता एखादा उशीर, एखादी नजर, काहीही नाही. मी आठवून बघितलं, पुन्हा आठवून बघितलं. मिळालं असतं तर बरं झालं असतं. कोपऱ्यातल्या चौकटीत ‘काढणार’पुढे त्यांची सही होती. ‘तपासणार’पुढची जागा मोकळी होती. रिकामी नव्हे, मोकळी ठेवलेली, खाली हलकी पेन्सिलीची रेघ ओढून, सही सरळ यावी म्हणून.

स्वयंपाकघरातून आधणाचा आवाज येत होता. आईनं साखरेचा डबा उघडला, बंद केला. मी बाबांची टू-एच पेन्सिल घेतली आणि त्या रेघेवर सही केली. माझी आताची सही अकराव्या वर्षाच्या सहीसारखी अजिबात नाही. मग ट्रेसिंग पेपर होता तसा नकाशाच्या मागे घातला, दोन्ही कागदांच्या कडा जुळवल्या आणि ते बाहेरच्या खोलीतल्या टेबलावर आणून ठेवले.

आई कप घेऊन आली आणि माझ्या खांद्यावरून वाकली. तिच्या पदराला आल्याचा वास होता. “डावीकडून सुरू कर. ते डावीकडून करायचे.” मी पट्टी ठेवली. पहिला चौकोन, दुसरा. खालच्या कागदामुळे पेन्सिल जराशी रुतत होती, गेली आठ वर्षं बाबांच्या हाताला हेच रुतणं लागत असणार. चौथ्या चौकोनात रेघ वाकडी गेली.

“हात का कापतोय गं?”

“सवय नाही.”

“त्यांचाही कापायचा,” आई म्हणाली. “गेली सात-आठ वर्षं. कचेरीत कसे काढत असतील देव जाणे. मी म्हणायचे, डॉक्टरांना दाखवा, तर म्हणायचे वय झालं. एकदा तर म्हटलं, एवढं होतंय तर राहू द्या, मी मारते रेघा. तर रागावले. एवढ्याशा गोष्टीवर रागावले.” तिनं कप टेबलावर ठेवला. “आनंदानंच कापत असणार. माणसाला आनंद झेपत नाही कधीकधी.”

“आई,” मी म्हटलं.

“काय?”

ती माझ्याकडे बघत नव्हती, कागदाकडे बघत होती. तिचे ओठ हलत होते. ती मोजत होती. पाच. सहा. मी सातव्यावर पट्टी ठेवली. बँकेतल्या बाईनं दिलेल्या पावतीची घडी माझ्या पर्समध्ये टेबलावरच होती, पर्सची चेन अर्धी उघडी. हात पुढे केला असता तर आईला सापडली असती. तिनं हात पुढे केला आणि माझ्या कपाखाली बशी सरकवली, कागदावर डाग पडू नये म्हणून. दहा. अकराव्या चौकोनाच्या रेघा मी सगळ्यात सावकाश मारल्या. त्या सरळ आल्या. नकाशावर आता एकही कोरी जागा नव्हती, सगळं घर राखाडी झालं होतं.

आईनं कागद, खालच्यासकट, दोन्ही हातांनी उचलला, खिडकीकडे नेला, उजेडात धरला. मी जागची उठले. मागून प्रकाश आला की खालचा कागद दिसतो, हे मला आठवायला क्षणभर उशीर झाला होता. तिनं कागद बराच वेळ तसाच धरला. डोळे बारीक केले, जसे ती भिंतीशी बसून निवडताना करायची. मग खाली घेतला, घडी न घालता टेबलावर ठेवला आणि त्यावर हात फिरवला, एकदा, कडेपासून कडेपर्यंत.

“किती बारीक काम करायचे,” ती म्हणाली.

मग ती खुर्चीत बसली. आधी काठावर, मग हळूहळू मागे, आणि शेवटी तिनं पाय लांब केले. मी अजून तिच्यासमोर उभी होते, पेन्सिल हातात, तोंडातलं वाक्य तसंच.

“बाजूला हो ना,” आई म्हणाली. “ऊन अडवतेस.”